पडद्यावरचा ठक आणि भीमथडीची वही

२ फेब्रुवारी १९१४. अमेरिकेतल्या कीस्टोन कंपनीचा एका रिळाचा विनोदी मूकपट प्रदर्शित झाला. नाव ‘मेकिंग अ लिव्हिंग’. त्यातला नायक उंच टोपी, एका डोळ्यावर काच, लोंबत्या मिश्या अशा थाटात रस्त्यावर उभा राहतो, वाटेने जाणाऱ्या एका वार्ताहराकडून गोड बोलून पैसे उकळतो आणि पुढे त्याच वार्ताहराचा कॅमेरा पळवून त्यातली छायाचित्रे आपलीच म्हणून वर्तमानपत्राला विकतो. हा भुरटा ठक साकारणारा नट होता चार्ली चॅप्लिन. जगाला ठाऊक असलेला ढगळ पाटलोणीचा चॅप्लिन अजून जन्मायचा होता. पडद्यावर तो पहिल्यांदा आला तो लबाड म्हणूनच.

त्याच्या जेमतेम महिनाभर आधी, ३ जानेवारी १९१४ रोजी, मुंबईच्या ऑलिंपिया थिएटरात दादासाहेब फाळके यांचा ‘मोहिनी भस्मासुर’ लागला. त्याच्या जोडीला ‘पिठाचे पंजे’ हा छोटा विनोदी पट दाखवला गेला. मुख्य चित्रपटाला असे हलकेफुलके शेपूट जोडण्याची तेव्हा रीतच होती. खुद्द ‘राजा हरिश्चंद्र’च्या खेळातही नाच, विनोदी प्रवेश आणि पायांवर वस्तू खेळवणारा कसरतपटू होता. एकट्या चित्रपटासाठी प्रेक्षक पैसे मोजील, याची खात्री तोवर कुणालाच नव्हती.

थोडे विषयांतर, पण गमतीचे. हिंदुस्थानातला पहिला पूर्ण लांबीचा कथापट म्हणून ज्याचे नाव घेतले जाते त्या ‘राजा हरिश्चंद्र’ची कथा मुळात देण्याची आहे. राजाने ऋषीला दक्षिणा कबूल केली आणि ती फेडण्यासाठी बायको, मुलगा व स्वतःलाही विकले. त्या व्यवहारात कागद नाही, साक्षीदार नाही, मुद्रांक नाही. नुसता शब्द आहे. आणि हा चित्रपट काढण्यासाठी फाळके यांनी स्वतःची विम्याची पॉलिसी गहाण ठेवून कर्ज उभे केले होते!

विनोदी मूकपटातला ठक हा एकटा असतो. त्याच्यामागे पोलीस धावतो, तो पडतो, प्रेक्षक हसतात, रीळ संपते. मात्र ज्या ठकाच्या पाठीशीच पोलीस उभा असतो, ज्याच्या हातात न्यायालयाचा हुकूमनामा असतो, त्याच्यावर विनोदी पट कसा काढणार? महाराष्ट्रातल्या मूकपटाने या ठकाला पडद्यावर आणले ते १९२५ मध्ये, आणि हसण्यासाठी नव्हे. चित्रपट होता कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांचा ‘सावकारी पाश’. तो समजून घ्यायचा तर आधी पन्नास वर्षे मागे, पुणे जिल्ह्याच्या पूर्वेकडच्या कोरड्या पट्ट्यात, शिरूर आणि दौंडच्या परिसरात जावे लागते.

आजच्या दौंड आणि बारामती तालुक्यांचा बहुतेक भाग त्या काळी भीमथडी तालुक्यात मोडत असे. भीमेच्या काठची ती भीमथडी. मराठी फौजांना तट्टे पुरवणारा मुलूख म्हणून तिची ख्याती होती. सह्याद्री ओलांडून येणारा पाऊस इथवर पोहोचेपर्यंत बहुतेक रिता झालेला असतो. बाजरी, ज्वारी, आणि मधूनमधून दुष्काळ. शेतकऱ्याला बियाण्याला पैसे लागत, बैलाला लागत, लग्नाला लागत, आणि सरकारचा सारा तर पीक आले काय, न आले काय, रोखीने भरावा लागे. त्या पैशांसाठी एकच दार होते, सावकाराचे.

सावकार इंग्रजांनी आणला असे मुळीच नाही. पेशवाईतही तो होता आणि व्याजही जबर घेत असे. फरक होता तो वसुलीत. जुन्या रिवाजात ‘दामदुपटी’ची मर्यादा होती. व्याज कितीही साचले तरी ते मुद्दलापेक्षा जास्त मागता येत नसे. शिवाय सावकाराला गावातच राहायचे असे. पाटील, पंचायत आणि चारचौघांची लाज यांच्या पलीकडे जाऊन कुणाला घराबाहेर काढणे सोपे नव्हते. इंग्रजी राज्यात दिवाणी न्यायालय आले, आणि त्या न्यायालयाला माणूस दिसत नसे. त्याला कागद दिसे.

तो कागद कसा तयार होई, हे नीट पाहण्यासारखे आहे. खत लिहिणारा सावकाराच्या पदरचा, भाषा कायद्याची, लिपी बहुधा मोडी. ज्याच्या नावाने खत लिहिले जाई तो शेतकरी निरक्षर. सही म्हणून तो नांगराची आकृती काढी किंवा काढून घेतली जाई. जुन्या कागदांत ‘निशाणी नांगर’ असे शब्द जागोजाग आढळतात. अंगठ्याचा ठसा फार नंतरचा. नांगराच्या त्या चार रेघांच्या वर काय लिहिले आहे, हे शेतकऱ्याला सावकारच वाचून दाखवणार. पन्नास दिले आणि शंभर लिहिले, फेडीची पावती दिली नाही, धान्य घेतले पण वहीत पडत्या भावाने मांडले, हे सारे त्या वाचनात सहज लपून जाई.

१८५९ मध्ये सरकारने मुदतीचा कायदा केला. हेतू चांगला होता. कर्जखत तीन वर्षेच वैध राहील, म्हणजे व्याज वर्षानुवर्षे साचणार नाही. प्रत्यक्षात याच कायद्याने सावकाराच्या हाती नवे हत्यार दिले. तीन वर्षे संपत आली की तो शेतकऱ्याला बोलावून नवे खत करून घेई. जुने मुद्दल आणि साचलेले व्याज यांची बेरीज हेच नवे मुद्दल. मग त्यावर पुन्हा व्याज.

उदाहरणादाखल हिशेब करून पाहावा. १०० रुपये कर्ज, दर साल दर शेकडा २४. तीन वर्षांत एक पैही फेडली गेली नाही तर होतात १७२. नवे खत १७२ चे. सहाव्या वर्षी २९६, नवव्या वर्षी ५०९, बाराव्या वर्षी ८७५, पंधराव्या वर्षी दीड हजार, अठराव्या वर्षी अडीच हजारांहून जास्त. दामदुपटीचा रिवाज चालू असता तर हाच आकडा २०० वर थांबला असता. हे गणित नुसते कागदावरचे नव्हे. पुढे नेमलेल्या चौकशी समितीसमोर आलेल्या एका प्रकरणात १०० रुपयांच्या कर्जावर २,००० रुपयांहून अधिक व्याज लावलेले आढळले.

याच सुमारास अमेरिकेत यादवी युद्ध पेटले (१८६१ ते १८६५) आणि इंग्लंडच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेनासा झाला. मुंबईच्या व्यापाऱ्यांकडून सावकारांकडे आणि सावकारांकडून खेड्यांत पैसा अक्षरशः वाहू लागला. दख्खनमध्ये कापसाच्या एकरामागे शंभर रुपये आगाऊ मिळाल्याची नोंद आहे. युद्ध थांबले, भाव कोसळले, आणि तोच पैसा परत मागितला जाऊ लागला. त्यातच तीस वर्षांनी साऱ्याची फेरआकारणी आली. इंदापूर, भीमथडी वगैरे तालुक्यांत सारा मोठ्या प्रमाणावर वाढला. देणे वाढले, भाव पडले, पत आटली. तिन्ही गोष्टी एकदमच अंगावर आल्या.

आता शिरूर तालुक्यातले कर्डे गाव. डिसेंबर १८७४. काळूराम नावाच्या सावकाराने बाबासाहेब देशमुख यांच्यावर सुमारे १५० रुपयांच्या देण्यापोटी हुकूमनामा मिळवला आणि त्यांच्या घरादारावर हक्क सांगितला. देशमुख म्हणजे गावातले वजनदार घराणे. १५० रुपयांसाठी देशमुखाचा वाडा जातो, तर आपल्या खोपटाचे काय, हा प्रश्न प्रत्येकाला पडला असणार.

कर्ड्याच्या लोकांनी काठी उचलली नाही. त्यांनी बहिष्कार घातला. सावकाराच्या दुकानातून कुणी मीठमिरची घेईना. न्हावी दाढी करीना, धोबी कपडे घेईना, कुणी पाणी भरीना. बलुतेदारीच्या गावात या शिक्षेपुढे भल्याभल्यांचा टिकाव लागत नसे. अखेर काळूरामने आपला माल गाड्यांवर घालून शिरूरला हलवला. आसपासच्या गावांनीही तोच मार्ग धरला. कोणता सावकार, किती दिवस बहिष्कार, हे पारावर ठरू लागले.

१२ मे १८७५, बुधवार. भीमथडी तालुक्यातले सुपे हे बाजारपेठेचे गाव. बरेच दुकानदार आणि सावकार तिथे राहत. आसपासच्या खेड्यांतले शेतकरी जमले आणि त्यांनी सावकारांच्या घरांवर चाल केली. मागणी एकच होती: वह्या आणि खते द्या. पुण्याचे जिल्हा दंडाधिकारी १५ मे रोजी सुप्यात पोहोचले, तेव्हा एक घर जळून खाक झाले होते, सुमारे डझनभर घरे फोडलेली होती, आणि रस्त्यात वह्या, खते, धान्य आणि कापड यांच्या राखेचे ढीग तसेच पडलेले होते. पोलिसांनी पन्नास माणसे पकडली. नुकसानीचा सरकारी अंदाज २५,००० रुपयांच्या वर होता. सावकारांच्या मते ते लाखाच्या पुढे होते. (हा आकडाही कोण मांडतो यावर अवलंबून होता, हे ओघाने आलेच.)

सुप्यानंतर चोवीस तासांच्या आत चौदाएक मैलांवरच्या गावात सावकाराच्या गंजी पेटल्या. मग शिरूर, भीमथडी, इंदापूर, आणि पलीकडे अहमदनगर जिल्हा. तीसहून अधिक गावांत हे लोण पोहोचले. पोलीस कमी पडले, लष्कर बोलवावे लागले. दोन्ही जिल्ह्यांत मिळून ९५१ जणांना अटक झाली आणि ५०१ जणांना शिक्षा झाल्या.

इतिहासात या घटनेला ‘दख्खनचे दंगे’ म्हणतात. तरी सरकारी कागदपत्रांतच एक विलक्षण नोंद आहे. जिथे सावकाराने खते मुकाट्याने जमावाच्या हवाली केली तिथे बहुधा पुढे काहीच घडले नाही. खत फाडले, जाळले, लोक घरी गेले. काही ठिकाणी मारहाण आणि जाळपोळ झाली हे खरे, आणि ज्यांची घरे जळाली त्यांतला प्रत्येक जण लबाडच होता, असे म्हणायला कोणताही आधार नाही. रोख बहुतांशी मारवाडी आणि गुजर सावकारांवर होता. इतर सावकार त्या मानाने सुटले. तेव्हा ‘परका’ असल्याचा रागही त्यात मिसळला होता, हे नाकारण्यात अर्थ नाही. परंतु लोकांना हवा होता तो माणूस नव्हे, कागद. निरक्षरांनी केलेली ही चढाई अक्षरांवरची होती.

एक इशारा इथेच देऊन ठेवलेला बरा. या दंग्यांचे महत्त्व फुगवून सांगितले गेले, असे नील चार्ल्सवर्थ या इतिहासकाराने १९७२ मध्ये मांडले. हजारो गावांच्या दख्खनमध्ये तीस-बत्तीस गावे म्हणजे किती, हा त्याचा प्रश्न रास्तच आहे. पण छोट्या घटनेचा मोठा परिणाम झाला, हेही तितकेच खरे. १८५७ ची आठवण ताजी असल्याने हिंदुस्थान सरकारने मुंबई सरकारच्या मागे लागून चौकशी समिती नेमायला लावली. समितीने शेतकरी, सावकार, अधिकारी यांच्या साक्षी नोंदवल्या, खतांचे नमुने तपासले, भावांचे आणि व्याजाचे तक्ते गोळा केले. १८७८ मध्ये तिचा अहवाल ब्रिटिश संसदेपुढे ठेवला गेला. सरकारने काढलेला निष्कर्ष सरकारला सोयीचा होता. दोष साऱ्याचा नव्हे, सावकाराचा. साक्षींमधून मात्र त्याहून बरेच काही दिसते, आणि इतिहासाच्या अभ्यासकाने निष्कर्षाची पाने सोडून आधी तिकडेच वळावे.

१८७९ मध्ये ‘दख्खन शेतकरी साहाय्य कायदा’ झाला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठी. त्यातली कल्पना त्या काळच्या मानाने धाडसाची होती. न्यायाधीशाने नुसता कागद पाहून निकाल देऊ नये, कागदाच्या मागे जावे. मुळात किती दिले, किती फेडले, हा सारा हिशेब उकलावा. देण्यापोटी शेतकऱ्याला तुरुंगात टाकणे बंद झाले. आणि खत गाव-निबंधकासमोरच लिहिले जावे, त्याने ते शेतकऱ्याला समजावून सांगावे, असे ठरले. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी पुढे काही वर्षे याच कायद्याखालच्या कामाची तपासणी केली. महात्मा फुले यांचा ‘शेतकऱ्याचा असूड’ याच काळातला, १८८३ चा.

कायदा आला तशी पळवाटही आली. गहाणखताचा हिशेब न्यायालय उकलते, मग गहाणखत करायचेच कशाला? कर्ज देताना सावकार सरळ खरेदीखत लिहून घेऊ लागले. कागदावर जमीन विकलेली. तोंडी वचन असे की पैसे फेडले की परत देऊ. वचनाला साक्षीदार कोण? पुन्हा तोच खेळ. कागद एक सांगतो, घडलेले असते दुसरेच.

या पार्श्वभूमीवर १९२५ चा ‘सावकारी पाश’ पाहायला हवा. बाबूराव पेंटर म्हणजे कोल्हापूरचे बाबूराव कृष्णराव मेस्त्री. घराणे कारागिरांचे. नाटकांचे पडदे रंगवता रंगवता त्यांना सिनेमाचे वेड लागले. चुलतभाऊ आनंदराव यांच्यासह त्यांनी कॅमेरा स्वतः बनवायला घेतला. आनंदराव अकाली गेले, तरी काम थांबले नाही. तानीबाई कागलकर या गायिकेच्या पैशांवर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली आणि १९२० मध्ये ‘सैरंध्री’ आला. पुराणकथा आणि शिवकाल हेच तेव्हाचे चलनी नाणे होते, आणि पेंटर त्यात निष्णात होते. अशा माणसाने नारायण हरी आपटे यांची समकालीन, खेड्यातली, कर्जाची कथा उचलली.

कथा थोडक्यात अशी. एका तरुण शेतकऱ्याची जमीन सावकार खोट्या कागदपत्रांच्या आधारे गिळंकृत करतो. शेतकरी गाव सोडून शहरात जातो आणि गिरणीत मजुरी करू लागतो. सावकार झाले होते झुंजारराव पवार, आणि शेतकऱ्याच्या भूमिकेत होता कंपनीतला विशीतला एक हरहुन्नरी कामगार-नट, व्ही. शांताराम. पुढे १९२९ मध्ये ‘प्रभात’ काढणाऱ्या पाच जणांतला तो एक. आपट्यांच्याच ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवर शांतारामांनी १९३७ मध्ये ‘कुंकू’ काढला, हे चित्रपटप्रेमींना आठवत असेल.

भीमथडी आणि कोल्हापूर यांत अंतर आहे, काळात पन्नास वर्षांचे आणि राज्यकारभारातही. कोल्हापूर संस्थान, भीमथडी इंग्रजी अंमलाखाली. हा चित्रपट सुप्याच्या घटनेवर बेतलेला नाही. पण जमीन जाण्याची रीत तीच आहे. दरोडा नाही, मारामारी नाही. एक कागद, एक निशाणी, आणि कागदाला मान देणारे न्यायालय. फरक इतकाच की पडद्यावरच्या शेतकऱ्याला होळी करायला सोबत गाव नव्हते. तो एकटाच गिरणीच्या भोंग्याकडे निघून गेला.

आणखी एक साम्य आहे ते चित्रपटगृहातले. मूकपटात मधूनमधून अक्षरांच्या पाट्या येत. १९२१ च्या जनगणनेनुसार देशातली साक्षरता सुमारे ७ टक्के. म्हणजे तंबूतल्या किंवा थिएटरातल्या बहुसंख्य प्रेक्षकांना त्या पाट्या वाचता येत नसत. कुणीतरी मोठ्याने वाची, बाकीचे ऐकत. खोट्या खतापायी जमीन गेलेल्या माणसाची गोष्ट, आणि ती पाहणारे लोक असे की ज्यांना आपल्या नावाचे खतही दुसऱ्याकडून वाचून घ्यावे लागे. त्या काळोखात पाटी वाचणाऱ्याने भलतेच वाचले असते तर कुणाला कळणार होते?

चित्रपट धंद्यात फारसा चालला नाही. देवदेवता आणि लढाया पाहायला सरावलेल्या प्रेक्षकाला स्वतःचेच घर पडद्यावर पाहणे रुचले नसावे. पेंटर पुन्हा पौराणिक विषयांकडे वळले. पण ही कथा त्यांना सोडून गेली नाही. १९३६ मध्ये, शालिनी सिनेटोनसाठी, त्यांनी ‘सावकारी पाश’ पुन्हा काढला, या वेळी बोलपट म्हणून. पुढच्या काळातले ‘दो बिघा जमीन’मधले शंभू आणि ‘मदर इंडिया’मधला सुखीलाला ज्यांना माहीत आहेत, त्यांना या घराण्याचा मूळ पुरुष कोल्हापुरात सापडेल.

सुप्याच्या वह्या जळाल्या, तरी त्यांच्याविषयीचे शेकडो पानांचे सरकारी कागद शिल्लक आहेत. उलट १९२५ च्या मूकपटाची प्रत आज उपलब्ध नाही. उरल्या आहेत काही नोंदी आणि पाहणाऱ्यांच्या आठवणी. निर्माते-दिग्दर्शक जे. बी. एच. वाडिया यांना वृद्धपणी त्यातले एक दृश्य अंधुक आठवत होते: मंद प्रकाशात टिपलेली एक उदास झोपडी, आणि कुत्र्याचे भुंकणे. चित्रपट मुका होता, तरी त्यांच्या आठवणीत ते भुंकणे राहिले होते.